सॉफ्टवेअरच्या 'डीई' नावाच्या फोल्डरमधली डीएलएल फाइल (प्रोग्राम गरजेनुसार वापरतो ती जोड-फाइल) उडवली तर चालेल का?

व्हायरस नाही, घाबरू नका. 'डीई' म्हणजे डॉइच, जर्मन भाषेचा आंतरराष्ट्रीय कोड. डॉटनेटवर, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या सॉफ्टवेअर बनवायच्या यंत्रणेवर, बनवलेल्या सॉफ्टवेअरमध्ये अशा फोल्डरात 'रिसोर्सेस डॉट डीएलएल' फाइल असते. तिच्यात बहुतेक करून बटणं, मेनू आणि संदेश यांचा जर्मन मजकूर असतो. प्रोग्रामचं मुख्य काम दुसरीकडेच चालतं. काही सॉफ्टवेअरमध्ये फोल्डरला १०३१ नाव असतं, तेही जर्मनच; हा विंडोजचा भाषेचा आकडा. १०३३ म्हणजे अमेरिकन इंग्रजी.

फाइल काढली तर सॉफ्टवेअर मूळ भाषेत, बहुधा इंग्रजीत, उघडतं. पण जागा वाचते ती किरकोळ, आणि पुढच्या अपडेटला ती परत येते. मग कशाला हात लावायचा?

खरी गफलत वेगळीच असते. इथे सोलापुरात अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत एका टॉवेल कारखान्यात जर्मन सेटिंगचा कॉम्प्युटर आला होता. पोरांनी 'डीई' फोल्डर उडवला, बटणं इंग्रजी झाली, तरी १.५ टाकलं की सॉफ्टवेअर १५ धरायचं! कारण जर्मनीत दशांशाला स्वल्पविराम लावतात आणि टिंब हजारांसाठी. आकड्यांची ही पद्धत विंडोजच्या 'रीजन' सेटिंगमधून येते, त्या डीएलएलमधून नाही. तिथे 'इंग्लिश (इंडिया)' निवडलं, सॉफ्टवेअर बंद करून उघडलं, मिटलं.

आणि फाइल चुकून गेलीच असेल, तर कुठल्या तरी साइटवरून सुटी डीएलएल उतरवू नका. आवृत्ती जुळत नाही, वर व्हायरसची भीती. मूळ इन्स्टॉलर चालवून 'रिपेअर' करा.