जर्मन फुटबॉल क्लबचा स्पोर्टिंग डायरेक्टर नेमकं काय करतो? मिशाएल त्सोर्कची २४ वर्षं

तुम्ही विचारलंय की जर्मन क्लबमध्ये प्रशिक्षक असताना त्याच्या जोडीला स्पोर्टिंग डायरेक्टर कशाला लागतो, आणि जो माणूस ना गोल मारतो ना संघ निवडतो, त्याची कारकीर्द मोजायची कशी. एकाच माणसाचं उदाहरण घेऊन सांगतो: बोरुसिया डॉर्टमुंडचा मिशाएल त्सोर्क. मी या क्लबचा चाहता आहे, तेव्हा माझं मत थोडं झुकलेलं असेल हे धरून चाला.

आधी पदाबद्दल. मैदानात कोणते अकरा उतरणार हे प्रशिक्षक ठरवतो. ते अकरा ज्या पंचवीस जणांतून निवडायचे ते पंचवीस गोळा करणं हे स्पोर्टिंग डायरेक्टरचं काम. खेळाडू हेरणारे स्काउट त्याच्या हाताखाली असतात. एजंटांशी घासाघीस तो करतो, करार संपायच्या किती आधी वाढवायचा आणि कोणाला कधी विकायचं हे तो बघतो. प्रशिक्षक आणण्यात आणि काढण्यातही त्याचा शब्द असतो. जर्मनीत या पदाला जास्तच वजन आहे. तिथल्या '५० अधिक १' नियमामुळे मतांचं बहुमत सभासदांच्या मूळ क्लबकडेच राहतं, त्यामुळे कुणी अब्जाधीश येऊन क्लब ताब्यात घेईल आणि दरवर्षी खड्डा भरून काढेल अशी सोय नसते. चुकीची खरेदी झाली की ती पुढची तीन-चार वर्षं हिशेबात सलत राहते.

त्सोर्क मूळचा डॉर्टमुंडचाच, जन्म १९६२ चा. १९८१ ते १९९८ तो याच क्लबकडून मिडफिल्डर म्हणून खेळला. बुंडेसलिगाचे, म्हणजे जर्मनीतल्या सर्वोच्च लीगचे ४६३ सामने, १३१ गोल, अनेक वर्षं कर्णधार. लांब केसांमुळे सहकाऱ्यांनी त्याला 'सुझी' हे टोपणनाव दिलं आणि ते साठीपर्यंत चिकटून राहिलं. १९९५ आणि १९९६ ची लीग विजेतेपदं, १९९७ ची चॅम्पियन्स लीग, म्हणजे युरोपातल्या क्लबांची सर्वात मोठी स्पर्धा. त्या अंतिम सामन्यात तो ८९व्या मिनिटाला बदली म्हणून उतरला होता. पुढच्या वर्षी बूट काढून ठेवले आणि सरळ क्लबच्या ऑफिसात दाखल झाला. जर्मनीत हा रस्ता तसा मळलेला आहे. बायर्न म्युनिक या क्लबचा उली हॉनेस तर गुडघ्याच्या दुखापतीमुळे खेळणं सुटल्यावर १९७९ मध्ये २७ व्या वर्षीच मॅनेजर झाला होता.

सुरुवातीची वर्षं मात्र त्सोर्कची म्हणता येणार नाहीत. तेव्हा सूत्रं अध्यक्ष गेर्ड नीबाउम आणि व्यवस्थापक मिशाएल मायर यांच्या हातात होती. २००० मध्ये डॉर्टमुंड शेअर बाजारात नोंदला गेलेला पहिला जर्मन क्लब ठरला आणि तो पैसा भराभर उधळला गेला. टोमाश रोझित्स्की, मार्सियो आमोरोसो असे महागडे खेळाडू आले, २००२ मध्ये लीगही जिंकली. मग चॅम्पियन्स लीगचं उत्पन्न आटलं आणि कर्ज उरलं. अवस्था अशी की बायर्न म्युनिकने, म्हणजे कट्टर प्रतिस्पर्ध्याने, २० लाख युरो उसने दिले. स्टेडियमचा मोठा हिस्सा आधीच एका गुंतवणूक फंडाला विकलेला होता. १४ मार्च २००५ ला ड्युसलडॉर्फ विमानतळावर त्या फंडाच्या गुंतवणूकदारांची बैठक झाली. त्यांनी बचावाच्या आराखड्याला नकार दिला असता तर क्लब दिवाळखोरीत गेला असता. त्यांनी होकार दिला. हान्स-योआखिम वात्स्के त्याच वर्षी मुख्य कार्यकारी झाला होता, आणि खिशात फारसं काही नसताना संघ उभा करायची जबाबदारी त्सोर्कवर आली.

माझ्या मते त्याची खरी कारकीर्द इथून सुरू होते. लगेच जादू झाली असं मुळीच नाही, २००७-०८ चा हंगाम तेराव्या स्थानावर संपला. पण त्या उन्हाळ्यात माइन्झहून युर्गन क्लॉप प्रशिक्षक म्हणून आला, आणि पुढच्या तीन-चार वर्षांतली खरेदी आजही बघण्यासारखी आहे. बायर्नला नकोसा झालेला माट्स हुमेल्स आधी उसना घेतला, मग सुमारे ४० लाख युरोंत विकत घेतला. त्याच्या जोडीला माइन्झहून नेव्हन सुबोटिच. २००८ च्या उन्हाळ्यात मधल्या बचावाची ही जोडी १९ वर्षांची होती! स्वेन बेंडर दुसऱ्या श्रेणीतल्या १८६० म्युनिककडून आला. २०१० मध्ये पोलंडच्या लेख पोझनानहून रॉबर्ट लेवांडोव्स्की, किंमत सुमारे ४५ लाख युरो. आणि जपानहून शिंजी कागावा, फक्त साडेतीन लाख युरोंत. कागावा आदल्याच वर्षी जपानच्या दुसऱ्या श्रेणीत खेळत होता. दोन वर्षांनी तो मँचेस्टर युनायटेडला गेला तेव्हा डॉर्टमुंडला दीड कोटीच्या वर मिळाले.

हे सगळं एकट्या त्सोर्कने शोधलं असं समजू नका. मुख्य स्काउट स्वेन मिसलिंटाट होता, आणि धावू शकणारी पोरं मागणारा क्लॉप होता. पण स्काउटच्या वहीतली नावं सगळ्याच क्लबांकडे असतात. त्यातल्या कोणावर असलेले पैसे लावायचे आणि कोणाला सोडून द्यायचं, ही सही त्सोर्कची. २०११ ला लीग, २०१२ ला लीग आणि जर्मन कप (लीगहून वेगळी, बाद फेरीची स्पर्धा) दोन्ही. कपच्या अंतिम सामन्यात बायर्नला ५-२ ने हरवलं, लेवांडोव्स्कीची हॅटट्रिक. तो सामना मी अजूनही अधूनमधून लावतो.

त्यानंतर स्पोर्टिंग डायरेक्टरच्या कामाची दुसरी बाजू सुरू झाली: जाणाऱ्यांना सांभाळणं. क्लबमध्येच वाढलेला मारियो ग्योट्झं २०१३ मध्ये बायर्नला गेला. करारात ३.७ कोटी युरोंचा रिलीज क्लॉज होता, ती रक्कम भरली की अडवायचा हक्कच उरत नाही. बातमी फुटली ती रेआल माद्रिदविरुद्धच्या उपांत्य सामन्याच्या तोंडावर. लेवांडोव्स्की तर २०१४ मध्ये करार संपवून फुकटात बायर्नला गेला. त्याला एक वर्ष आधी विकायचं क्लबने नाकारलं होतं. तो निर्णय बरोबर की चूक यावर चाहते आजही भांडतात.

या दोन प्रकरणांनंतर त्सोर्क विक्रीत पक्का झाला. २०१७ ला बार्सिलोनाला डॉर्टमुंडचा उस्मान डेंबेले हवा होता. एक वर्षापूर्वी तो सुमारे दीड कोटीत आला होता. बार्सिलोनाने नुकताच नेमारला २२.२ कोटींना विकला होता, म्हणजे त्यांच्या खिशात किती आहेत हे अख्ख्या युरोपला माहीत होतं. डेंबेले सराव टाळून बसला, क्लबने त्याला निलंबित केलं, पण किंमत खाली आणली नाही. शेवटी १०.५ कोटी अधिक बोनस वाजवून घेतले. २०२० च्या उन्हाळ्यात मँचेस्टर युनायटेड डॉर्टमुंडच्या जेडन सँचोच्या मागे होतं. ऑगस्टची ठरलेली मुदत टळली तेव्हा त्सोर्कने पत्रकारांना सांगून टाकलं की सँचो या हंगामात इथेच खेळेल. इंग्लंडमध्ये अनेकांना ती थाप वाटली. ती थाप नव्हती. सँचो राहिला, २०२१ चा जर्मन कप जिंकायला त्याची मदत झाली, आणि मग ८.५ कोटींना गेला. अर्लिंग हालांड आणि ज्यूड बेलिंगहॅम या तरुण खेळाडूंना आणणाराही त्सोर्कच, दोघं २०२० मध्ये आले.

आता दुसरी बाजू. २०१२ नंतर त्सोर्कच्या काळात लीग एकदाही आली नाही. चिरो इमोबिलेवर २०१४ मध्ये आणि आंद्रे श्युर्लवर २०१६ मध्ये मोठे पैसे गेले, हाती फारसं लागलं नाही. क्लॉप गेल्यावर तसा प्रशिक्षकही सापडला नाही. टॉमस टुखेलचं मिसलिंटाटशी बिनसलं, वात्स्केशीही बिनसलं, आणि २०१७ चा कप जिंकून तीनच दिवसांत त्याला नारळ मिळाला. २०१८-१९ मध्ये डॉर्टमुंड बायर्नच्या नऊ गुणांनी पुढे होतं, शेवटी दोन गुणांनी मागे राहिलं. मला वाटतं क्लबला हळूहळू विक्रीचीच सवय लागली होती. तिथे येणाऱ्या अठरा वर्षांच्या पोराला पहिल्या दिवसापासून ठाऊक असायचं की आपला मुक्काम दोन-तीन वर्षांचा. अशा संघात मार्चमधल्या पडत्या सामन्यात जीव लावून कोण खेळणार? हा दोष एकट्या त्सोर्कचा नाही, बायर्नचा पगार देणं डॉर्टमुंडला परवडत नाही हे खरंच आहे. पण संघ त्याने बांधला होता, तर अपयशही त्याच्याच खात्यावर लिहावं लागेल.

२०२२ च्या मे महिन्यात घरच्या शेवटच्या सामन्यात त्याचा निरोप झाला, त्याच दिवशी हालांडचाही. जागा घेतली सेबास्टियन केलने, तोही डॉर्टमुंडचा माजी कर्णधार.

कारकीर्द मोजायची कशी, हा तुमचा उरलेला प्रश्न. बहुतेक लोक विक्रीची रक्कम वजा खरेदीची रक्कम असा हिशेब मांडतात, आणि त्यात डेंबेले पहिला येतो. मी त्सोर्कची सर्वोत्तम खरेदी म्हणून लुकाश पिश्चेकचं नाव घेईन. २०१० मध्ये हेर्टा बर्लिन खालच्या श्रेणीत घसरल्यावर हा पोलिश खेळाडू फुकटात आला. मूळचा आघाडीच्या फळीत खेळणारा, डॉर्टमुंडमध्ये उजव्या बगलेचा बचावपटू म्हणून अकरा हंगाम टिकला. दोन लीग, तीन जर्मन कप आणि २०१३ चा चॅम्पियन्स लीगचा अंतिम सामना, एवढं सगळं त्याने पाहिलं. २०२१ मध्ये तो पोलंडला घरी परतला, म्हणजे विक्रीच्या रकान्यात त्याच्या नावापुढे एक युरोही नाही.