२०१४ च्या स्मार्ट टीव्हीवर जिओहॉटस्टार आणि झी५ कसं आणायचं?

पेन ड्राइव्हवर एपीके, म्हणजे अ‍ॅपची फाइल, टाकून हे होणार नाही. आधीच सांगून टाकतो, म्हणजे तुमचा रविवार वाचेल.

तुम्ही लिहिलंय की टीव्ही सॅमसंगचा, ४० इंची, २०१४ च्या दिवाळीत घेतलेला. चित्र अजून झकास आहे, पण यूट्यूब मधूनच बंद पडतं आणि अ‍ॅप्समध्ये शोधलं तर जिओहॉटस्टार नाही, झी५ नाही. सासूबाईंना रात्री हुकलेली मालिका दुसऱ्या दिवशी दुपारी बघायची असते. भाचा म्हणतो, मोबाईलमधून एपीके कॉपी करा. यजमान म्हणतात, नवीन टीव्हीच घेऊ. माझ्या मते दोघांचंही ऐकू नका.

एपीके ही अँड्रॉइडची फाइल आणि तुमचा टीव्ही अँड्रॉइड नाही. सॅमसंगने २०१५ पासून टीव्हीत टायझेन नावाची प्रणाली (ऑपरेटिंग सिस्टीम) घातली. त्याआधीच्या टीव्हींत त्यांची स्वतःची वेगळी जुनी प्रणाली होती. एलजीचं वेबओएस २०१४ मध्ये आलं, त्याआधी नेटकास्ट होतं. सोनी २०१५ मध्ये अँड्रॉइड टीव्हीकडे वळली. म्हणजे तुमचा टीव्ही नेमका उंबरठ्याच्या अलीकडे राहिला. खात्री करायची असेल तर मागच्या स्टिकरवरचा मॉडेल नंबर बघा. 'यूए४०' च्या पुढचं अक्षर एफ असेल तर मॉडेल २०१३ चं, एच असेल तर २०१४ चं, जे असेल तर २०१५ चं, के असेल तर २०१६ चं. बिलावरच्या तारखेवर जाऊ नका. दिवाळीत दुकानदार आदल्या वर्षीचा माल सवलतीत काढतात, हे आपल्याला नवीन नाही.

'स्मार्ट म्हणून जास्त पैसे मोजले, मग अ‍ॅप का येत नाही?' असं तुम्ही वैतागून विचारलंय. वैताग रास्त आहे. टीव्हीचा पडदा पंधरा वर्षंही टिकतो, म्हातारा होतो तो त्याच्या पोटातला छोटा संगणक. झी५ सारख्या कंपनीला प्रत्येक प्रणालीसाठी अ‍ॅप वेगळं लिहावं लागतं, तपासावं लागतं आणि पुढे सांभाळावंही लागतं. झी५ सुरू झालं २०१८ मध्ये. तोवर तुमच्या टीव्हीची प्रणाली बंद पडून तीन वर्षं झाली होती, तिच्यासाठी नव्याने कोण लिहीत बसणार? जिओहॉटस्टार तर या नावाने फेब्रुवारी २०२५ मध्ये आलं. शिवाय या टीव्हींची मेमरी आजच्या साध्या फोनच्या पासंगालाही पुरत नाही.

जी अ‍ॅप होती तीही एकेक करून गळाली. एप्रिल २०१५ मध्ये यूट्यूबने आपली जुनी व्यवस्था बंद केली आणि २०१२ च्या व त्याआधीच्या कितीतरी टीव्हींवरचं यूट्यूब गेलं. १ डिसेंबर २०१९ पासून नेटफ्लिक्सने सॅमसंगच्या २०१०-११ च्या काही मॉडेलांना राम राम ठोकला. यात आणखी एक भानगड असते, ती फारसं कोणी सांगत नाही. अ‍ॅप सर्व्हरशी, म्हणजे कंपनीच्या संगणकाशी, बोलण्याआधी सर्व्हरचं ओळखपत्रासारखं प्रमाणपत्र तपासतं, आणि कुठली प्रमाणपत्रं खरी मानायची याची यादी टीव्हीच्या पोटात असते. या प्रमाणपत्रांना मुदत असते. डीएसटी रूट सीए एक्स३ नावाचं असंच एक मूळ प्रमाणपत्र ३० सप्टेंबर २०२१ ला संपलं, तेव्हा अपडेट थांबलेल्या जुन्या उपकरणांवर बऱ्याच साइट उघडेनाशा झाल्या. इंटरनेट ठीक, वायफाय ठीक, आणि टीव्ही मात्र 'नेटवर्क एरर' म्हणून हात वर करतो. लोक मग राउटर बदलतात.

म्हणून खर्च करण्याआधी पंधरा मिनिटं द्या, जास्त नाही. टीव्हीतली तारीख आणि वेळ बघा. तारीख चुकलेली असेल तर खरं प्रमाणपत्रही टीव्हीला खोटं वाटतं, आणि फक्त तारीख दुरुस्त केल्याने यूट्यूब चालू झालेलं मी दोन घरांत पाहिलंय. मग सपोर्टमध्ये जाऊन सॉफ्टवेअर अपडेट करून बघा. तेवढ्याने भागलं नाही तर स्मार्ट हब (टीव्हीतला अ‍ॅप्सचा विभाग) रीसेट करा. मॉडेलप्रमाणे ते स्मार्ट फीचर्समध्ये किंवा सपोर्टमधल्या सेल्फ डायग्नोसिसमध्ये सापडेल. पिन विचारला आणि तुम्ही कधी बदललेला नसेल, तर तो ०००० असतो. एवढ्याने तुमचं मधूनच बंद पडणारं यूट्यूब कदाचित सुधारेल. झी५ मात्र प्रकट होणार नाही. टीव्ही आखातातून कोणी आणलेला असेल तर रीसेटनंतर देश म्हणून भारत निवडता येतो का तेही बघा. कोकणात अशा टीव्हींवर तिकडची अ‍ॅप दिसतात आणि आपली दिसत नाहीत.

आता भाच्याच्या सल्ल्याबद्दल. तो अगदीच चुकीचा नाही, फक्त टीव्ही चुकला. खऱ्या अँड्रॉइड टीव्हीवर एपीके टाकता येतं. पण टाकता येणं आणि वापरता येणं यात काय अंतर असतं, ते मला कराडच्या मामांनी शिकवलं. त्यांनी एका दुकानातून स्वस्तात 'अँड्रॉइड' टीव्ही आणला. खोक्यावर हिरवा रोबो छापलेला होता, पण आत गूगलचं प्ले स्टोअरच नव्हतं, भलतंच कुठलंतरी दुकान होतं. अँड्रॉइडचा मूळ सांगाडा फुकट मिळतो, गूगलची मान्यता मिळवावी लागते. स्वस्त टीव्हीवाले सांगाड्यावरच भागवतात. मी हुशारी करून मोबाईलचं अ‍ॅप पेन ड्राइव्हने चढवलं. ते उघडलं, पण उभं! पडद्याच्या मधोमध चिंचोळी पट्टी आणि दोन्ही बाजूंना अंधार. रिमोटची बाणांची बटणं त्याला कळेनात, कारण ते अ‍ॅप बोटांसाठी बनवलेलं. शेवटी यूएसबीला माउस जोडला. मामा सहा महिने सोफ्याच्या हातावर माउस फिरवत बातम्या बघत होते आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला 'भाच्याने कॉम्प्युटर करून दिलाय' असं सांगत होते.

मान्यता नसलेल्या अशा उपकरणांवर नेटफ्लिक्ससारखी अ‍ॅप एकतर चालत नाहीत किंवा धुरकट दिसतात, कारण चित्राची नक्कल होऊ नये म्हणून लावलेल्या कुलपाची वरची पातळी त्यांना मिळत नाही. आणि ऑनलाइन हजार-दीड हजारात मिळणारे बिननावाचे 'सगळं फुकट दिसेल'वाले बॉक्स तर घरात आणूच नका. जून २०२५ मध्ये अमेरिकेच्या एफबीआयने बॅडबॉक्स २.० या घुसखोर सॉफ्टवेअरच्या जाळ्याबद्दल इशारा दिला होता. त्यात असेच स्वस्त अँड्रॉइड बॉक्स होते, काही तर कारखान्यातूनच घुसखोर सॉफ्टवेअर घेऊन आलेले. तुम्ही बँकेचे व्यवहार करता तो फोनही त्याच वायफायवर असतो.

मग करायचं काय? टीव्हीच्या मागे एचडीएमआयचं भोक आहे, त्यात नवा मेंदू खोचायचा. फायर टीव्ही स्टिक घ्या किंवा गूगल टीव्हीची मान्यता असलेली एखादी स्टिक अथवा बॉक्स. २०१७ मध्ये फायर स्टिक भारतात आली तेव्हा ३,९९९ ला होती, शाओमीची एमआय टीव्ही स्टिक २०२० मध्ये २,७९९ ला आली. आजचा भाव घेण्याआधी बघून घ्या, सणाच्या सेलमध्ये तो कमी होतो. तुमचा टीव्ही बहुधा ४के नाही, त्यामुळे ४के स्टिकचे जास्तीचे पैसे पडद्यावर दिसणार नाहीत. कोणी जुनं क्रोमकास्ट (गूगलचं असंच एचडीएमआयत खोचायचं यंत्र) स्वस्तात देत असेल तर टाळा. गूगलने २०२४ मध्ये ते बनवणं थांबवलं आणि मार्च २०२५ मध्ये दुसऱ्या पिढीचं क्रोमकास्ट जगभर काही दिवस ठप्प झालं होतं. कारण तेच, प्रमाणपत्राची मुदत! नंतर दुरुस्ती आली, पण आपण कशाला जुन्याला जुनं जोडायचं?

जोडताना लोक एक चूक हमखास करतात. वायर लोंबकळू नये म्हणून स्टिकला वीज टीव्हीच्याच यूएसबीतून देतात. त्या साध्या पोर्टमधून नियमाप्रमाणे ५०० मिलिअँपिअर मिळतात आणि स्टिकसोबतचा अडॅप्टर सहसा १ अँपिअरचा असतो. मग स्टिक मालिकेच्या ऐन रंगात आल्यावर स्वतःच बंद होऊन चालू होते, आणि शिव्या इंटरनेटला बसतात. अडॅप्टर भिंतीतल्या सॉकेटलाच लावा. टीव्ही भिंतीला चिकटवलेला असेल तर मागे स्टिक मावत नाही. खोक्यात एचडीएमआयची वीतभर एक्स्टेंशन वायर येते ती फेकू नका, तिचं काम इथेच आहे. होम थिएटर लावलेलं असेल तर 'एआरसी' लिहिलेला, टीव्हीचा आवाज बाहेर पाठवणारा पोर्ट त्याच्यासाठी सोडा आणि स्टिक दुसऱ्यात घाला.

पासवर्ड रिमोटने टाइप करत बसू नका. बहुतेक अ‍ॅप पडद्यावर कोड किंवा क्यूआर दाखवतात, तो फोनवर उघडून लॉगिन होतं.

घरी फायबरचं कनेक्शन असेल तर स्टिक घेण्याआधी त्यांना एक फोन करा. जिओ आणि एअरटेल त्यांच्या काही प्लॅनसोबत सेट टॉप बॉक्स देतात, त्यात ही अ‍ॅप असतात. तुमच्या प्लॅनमध्ये तो बसत असेल तर चार पैसे वाचले. फोनचा पडदा टीव्हीवर टाकणे, म्हणजे स्क्रीन मिररिंग, हा मार्ग लग्नाचे फोटो दाखवायला ठीक आहे. पैसे भरून बघायची बरीच अ‍ॅप त्यात काळा पडदा दाखवतात, आणि मध्येच फोन आला की मालिकेतल्या सासूऐवजी तुमच्या नणंदेचं नाव पडद्यावर झळकतं. लॅपटॉप एचडीएमआयने जोडणं चोख चालतं, पण ते रोज दुपारी सासूबाईंना कोण करून देणार?

याहून महत्त्वाचं म्हणजे वर्गणी. रिचार्जवर 'फुकट' मिळणारं हॉटस्टार बऱ्याचदा फक्त मोबाईलपुरतं असतं. नेटफ्लिक्सने तर २०१९ मध्ये भारतात खास मोबाईल प्लॅनच काढला, १९९ रुपयांचा, पुढे १४९ चा झाला. तो टीव्हीवर चालत नाही. स्टिक आणून, जोडून, कौतुकाने सगळ्यांना सोफ्यावर बसवून झाल्यावर 'हा प्लॅन टीव्हीसाठी नाही' अशी पाटी बघायची नसेल तर ते आधी तपासा. आणि मोबाईलच्या हॉटस्पॉटवर चालवणार असाल तर हिशेब करा. नेटफ्लिक्सच्याच आकड्यांप्रमाणे साध्या दर्जाला तासाला १ जीबीपर्यंत आणि एचडीला ३ जीबीपर्यंत डेटा जातो. रोजच्या दीड जीबीत साध्या दर्जात अर्ध्या तासाचे तीन भाग बसतील, एचडीत मात्र एकातच सगळा डेटा संपेल.

राहिला सासूबाईंचा प्रश्न, आणि खरं अडतं ते इथेच. स्टिक आली की घरात रिमोट दोन होतात, केबलचा धरला तर तीन. आमच्या आईने पहिल्या आठवड्यात साताऱ्याहून मला सोळा फोन केले, त्यातले चौदा 'पडदा निळा झालाय' एवढेच. सोर्स चुकून बदललेला असायचा. यावर उपाय टीव्हीतच आहे. एचडीएमआय-सीईसी नावाची सोय असते, तिला सॅमसंग एनीनेट प्लस म्हणतं, एलजी सिंपलिंक, सोनी ब्राव्हिया सिंक. ती मेनूत जाऊन चालू करा. मग स्टिकच्या रिमोटवरचं होमचं बटण दाबलं की बहुतेक टीव्ही आपोआप त्या सोर्सवर येतात, आणि बऱ्याचदा टीव्हीच्या रिमोटचे बाणही स्टिकला कळतात. नको ती अ‍ॅप काढून टाका आणि झी५, जिओहॉटस्टार, यूट्यूब ही तीन पहिल्या ओळीत आणून ठेवा.

फायर स्टिकमधल्या अ‍ॅलेक्साला, म्हणजे आवाजाने हुकूम ऐकणाऱ्या मदतनिसाला, मराठी येत नाही, पण रिमोटवरचा माइक दाबून आई मालिकेचं नुसतं नाव घेते आणि ते चारपैकी तीनदा सापडतं. चौथ्यांदा ती त्याला 'बहिरा आहेस का' म्हणते.

शेवटचं काम म्हणजे टीव्हीच्या स्वतःच्या सेटिंगमध्ये जाऊन त्याचं वायफाय तोडून टाका. इंटरनेट आता स्टिकला हवं, टीव्हीला नको. मधूनच येणाऱ्या अपडेटच्या पाट्या आणि त्याची ती अर्धमेली अ‍ॅप सासूबाईंच्या वाटेत येणार नाहीत.

मात्र स्टिकरवरचं अक्षर एच किंवा एफ न निघता जे किंवा के निघालं, तर स्टिक मागवायच्या आधी टीव्हीच्या अ‍ॅप्समध्ये भिंगाच्या चिन्हावर जाऊन दोन्ही नावं इंग्रजीत टाइप करून बघा आणि काय दिसतं ते इथे कळवा. मग माझं उत्तर थोडं बदलेल.