हप्ता तोच, मुदत मात्र वाढलेली : गृहकर्जाविषयी वाचकांचे प्रश्न

प्रश्न : फेब्रुवारी २०२१ मध्ये मी धायरीतील सदनिकेसाठी ४० लाख रुपयांचे गृहकर्ज ६.७ टक्के फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या, दराने, वीस वर्षांच्या मुदतीने घेतले. हप्ता ३०,२९६ रुपये ठरला आणि तो आजतागायत एकदाही चुकलेला नाही. डिसेंबर २०२५ अखेरचे स्टेटमेंट पाहिले, तर शिल्लक हप्त्यांच्या रकान्यात अडीचशेहून मोठा आकडा आहे आणि मुद्दल तीन लाखांनीसुद्धा उतरलेले नाही. बँकेचा हिशेब चुकला आहे का? माझे वय ३२ आहे.
— एक वाचक, धायरी

उत्तर : हिशेब चुकला असता तर एका अर्जावर तो दुरुस्त करून घेता आला असता. येथे सारे करारानुसारच घडले आहे, म्हणून उत्तर जरा सविस्तर देतो.

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग दराची गृहकर्जे बाहेरच्या एखाद्या मानक दराशी जोडावी लागतात, आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर (ज्या दराने ती बँकांना अल्पमुदतीचे कर्ज देते तो) निवडला. आपण कर्ज घेतले तेव्हा रेपो ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर पोहोचला, म्हणजे आपला दर अडीच टक्क्यांनी वाढून ९.२ झाला. दर वाढला की बँकेपुढे दोन वाटा असतात : हप्ता वाढवणे किंवा मुदत लांबवणे. हप्ता वाढला तर कर्जदार त्याच दिवशी शाखेत येऊन विचारतो. मुदत वाढली तर बहुधा कोणाच्या लक्षातही येत नाही. आपले वय तेव्हा तिशीच्या आसपास असल्याने मुदत ताणायला भरपूर जागा होती, आणि ती ताणली गेली.

ती किती ताणली गेली ते पाहू. हिशेब सोपा राहावा म्हणून मी सारी दरवाढ फेब्रुवारी २०२३ मध्ये एकदम झाली असे धरतो. प्रत्यक्षात ती आधीपासून टप्प्याटप्प्याने झाली, त्यामुळे आपल्या स्टेटमेंटमधील आकडे याहून थोडे वाईटच असतील. चोवीस हप्ते भरल्यावर आपले मुद्दल सुमारे ३७ लाख ९६ हजार उरले होते. त्यावर ९.२ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याज होते २९,१०४ रुपये. आपला हप्ता ३०,२९६ रुपयांचा, म्हणजे मुद्दलात जमा झाले १,१९२ रुपये. सिंहगडावर चौघांच्या पिठले-भाकरीला आणि दह्याला एखाद्या रविवारी तेवढे सहज लागतात. त्याच हप्त्याने ते कर्ज फेडायचे तर आणखी ४२४ हप्ते, म्हणजे पस्तीस वर्षांहून अधिक काळ लागला असता. मूळ कराराप्रमाणे उरले होते २१६. पुढच्या दोन वर्षांत आपण ७ लाख २७ हजार रुपये भरले आणि त्यातले मुद्दलात पडले जेमतेम ३१ हजार.

फेब्रुवारी २०२५ पासून रेपो उतरू लागला आणि डिसेंबरमध्ये ५.२५ टक्क्यांवर आला. त्यामुळे आपला दर ७.९५ टक्के झाला आणि परिस्थिती बरीच निवळली. तरीही माझ्या हिशेबाप्रमाणे ५८ हप्त्यांत सुमारे १७ लाख ५७ हजार रुपये भरून आपले मुद्दल केवळ २ लाख ७४ हजारांनी कमी झालेले दिसते. दर बदललाच नसता, तर ते ५ लाख ४४ हजारांनी उतरले असते. शिल्लक हप्ते येतात सुमारे २५५. वीस वर्षांच्या कर्जाची जवळजवळ पाच वर्षे फेडून झाल्यावर एकवीस वर्षे उरली आहेत, हे वाचताना विचित्र वाटते, पण गणित तेच सांगते.

आता काय करता येईल? हप्ता ३५,३०० रुपयांच्या आसपास नेला, म्हणजे महिन्याला सुमारे ५ हजार अधिक भरले, तर कर्ज मूळ मुदतीत, फेब्रुवारी २०४१ मध्ये संपेल. दोन्ही मार्गांनी यापुढे भरावयाच्या एकूण रकमेची तुलना केली, तर आपले सुमारे १३ लाख रुपये वाचतात. ते जमत नसेल आणि हाताशी एखादी ठेव असेल, तर सुमारे ५ लाख २८ हजार एकरकमी भरूनही, जुन्याच हप्त्यात, तीच तारीख गाठता येते. वैयक्तिक कर्जदाराच्या फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचे शुल्क घेता येत नाही. शाखेत कोणी तसे म्हटले तर लेखी मागावे. रक्कम भरताना मात्र अर्जात ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी’ असे स्पष्ट लिहावे, अन्यथा कित्येकदा हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवली जाते आणि भरलेल्या पैशाचा निम्मा उपयोग वाया जातो.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितले की, दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, ही निवड बँकेने कर्जदाराला द्यावी, स्थिर दराकडे वळण्याचा पर्यायही द्यावा (१ ऑक्टोबर २०२५ पासून हा पर्याय देणे बँकेच्या मर्जीवर आहे) आणि दर तिमाहीला आजवर वसूल झालेले मुद्दल, व्याज, शिल्लक हप्ते व वार्षिक दर दाखवणारे विवरण उपलब्ध करावे. आपल्याला तसा संदेश आलाही असेल. असे संदेश आपण सारेच न वाचता पुसतो. दुसरे म्हणजे, रेपोवर बँक जे अंतर (स्प्रेड, म्हणजे रेपोहून जास्तीचा दर) आकारते ते आपल्यासाठी किती आहे आणि आज नव्या ग्राहकासाठी किती आहे, हे विचारावे. नव्याला कमी असेल, तर किरकोळ रूपांतर शुल्क भरून पुष्कळ बँका ते कमी करून देतात. दुसऱ्या बँकेकडे कर्ज नेण्याचा विचार त्यानंतर करावा, कारण तेथे प्रक्रिया शुल्क, मालकी हक्क तपासणारा वकिलाचा शोध अहवाल आणि गहाणाच्या नोटिशीचे, म्हणजे घर गहाण असल्याच्या सरकारदरबारच्या नोंदीचे, मुद्रांक शुल्क पुन्हा नव्याने भरावे लागते.

प्रश्न : आम्ही पती-पत्नी दोघे नोकरी करतो. वारजे येथे बांधकाम चालू असलेल्या इमारतीत ७० लाखांची सदनिका घेत आहोत. कर्ज ५० लाखांचे, दर ८.५ टक्के. विक्री कार्यालयातील गृहस्थांनी तीस वर्षांची मुदत सुचवली, कारण हप्ता ३८,४४६ रुपये, ‘भाड्यात थोडी भर घातली की झाले’. माझे सासरे म्हणतात की वीस वर्षांच्या वर एक महिनाही नको. कोणाचे ऐकावे, आणि हे घर आम्हाला खरे केवढ्याला पडते?
— एक वाचक, कोथरूड

उत्तर : आधी दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर. पुणे महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क, स्थानिक संस्था व मेट्रो अधिभारासह, ७ टक्के आहे : ४ लाख ९० हजार. नोंदणी शुल्क ३० हजार. बांधकाम पूर्ण झालेले नसल्याने ५ टक्के जीएसटी, म्हणजे साडेतीन लाख. हे झाले ८ लाख ७० हजार. सत्तर लाखांच्या घराला मिळू शकणारे कर्ज किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच असते आणि मुद्रांक व नोंदणीचा खर्च त्या किमतीत धरत नाहीत. म्हणून तो पहिल्या दिवशी स्वतःच्या खिशातून द्यावा लागतो. आपले स्वतःचे २० लाख मिळवले, तर हप्ता सुरू होण्यापूर्वीच २८ लाख ७० हजार गेलेले असतील. सदनिका ५० लाख किंवा त्याहून महाग असल्यास किमतीच्या १ टक्का टीडीएस (विकणाऱ्याच्या नावे आधीच कापला जाणारा प्राप्तिकर) कापून आपणच भरायचा असतो. तो विकसकाला द्यावयाच्या रकमेतूनच कापायचा असल्याने वेगळा खर्च नाही, पण भरायचा राहिला तर नोटीस आपल्या नावे येते.

आता कर्ज. वीस वर्षांत हप्ता ४३,३९१ रुपये आणि एकूण व्याज ५४ लाख १४ हजार. तीस वर्षांत हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८ लाख ४० हजार. महिन्याला ४,९४५ रुपयांची सवलत, आणि तिची किंमत ३४ लाखांहून अधिक. पंधरा वर्षे घेतलीत, तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८ लाख ६३ हजार. स्वतःचे पैसे व कर धरून सत्तर लाखांचे घर वीस वर्षांत सुमारे १ कोटी ३३ लाखांना आणि तीस वर्षांत १ कोटी ६७ लाखांना पडते. सोसायटीचा देखभाल खर्च, मिळकतकर आणि उन्हाळ्यातले टँकर यांत धरलेले नाहीत. (स्वतः राहत असाल तर महापालिकेच्या मिळकतकरात ४० टक्के सवलत मिळते, त्यासाठी पीटी-३ अर्ज भरायला विसरू नये.)

तीस वर्षांच्या बाजूनेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. २०५० सालच्या हप्त्याचा रुपया आजच्या रुपयाएवढा जड नसेल, म्हणून एकूण व्याजाचा आकडा दिसतो तेवढा भीषण नसतो. शिवाय मुदतपूर्व परतफेडीला शुल्क नसल्याने लांब मुदत घेऊन स्वतःच अधिक भरत जाणे ही शहाण्यांची रीत होऊ शकते. नोकरी गेली, मूल झाले, तर सक्तीचा हप्ता लहान असल्याचा आधार वाटतो. पण ते ४,९४५ रुपये महिन्याच्या एक तारखेला बाजूला काढणारी माणसे मी फार थोडी पाहिली आहेत. त्यामुळे माझे मत सासऱ्यांच्या बाजूने आहे, फक्त ‘एक महिनाही नको’ हा त्यांचा बाणेदारपणा सोडून. वीस वर्षे घ्या आणि बोनसमधून दरवर्षी एक हप्ता जादा भरा. दर तोच राहिला तर कर्ज सतरा वर्षांच्या आत संपते. हप्ता भाड्याशी ताडून पाहण्याचा सल्ला मात्र बाजूला ठेवावा. पहिल्या महिन्याच्या ४३,३९१ रुपयांतले ३५,४१७ व्याजाचे असतात. तेही एका अर्थी भाडेच, केवळ घराऐवजी पैशाचे. आणि ताबा मिळेपर्यंत कोथरूडचे भाडे चालूच राहणार आहे. त्या काळात विक्री कार्यालयाकडून केवळ व्याज भरण्याचा, म्हणजे प्री-ईएमआयचा, पर्याय सुचवला जाईल. समजा ३० लाख वितरित झाले, तर महिन्याला २१,२५० रुपये जातील आणि मुद्दल एका रुपयानेही हलणार नाही. झेपत असेल तर पूर्ण हप्ता पहिल्यापासूनच सुरू करावा.

करसवलतीवर विसंबून निर्णय घेऊ नये. पहिल्या वर्षी आपण सुमारे ४ लाख २१ हजार व्याज भराल. स्वतः राहण्याच्या घरासाठी जुन्या करप्रणालीत प्रत्येक सहमालक-सहकर्जदाराला वर्षाला २ लाखांपर्यंतच वजावट मिळते, तीही घराचा ताबा मिळाल्यावर. नव्या प्रणालीत ती नाहीच. सदनिका केवळ आपल्या, म्हणजे पत्नीच्या, नावे घेतली तर मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत मिळून ७० हजार वाचतात, पण मग पती मालक नसल्याने त्यांची वजावट जाते. दोघेही नव्या प्रणालीत असाल, तर ७० हजार वाचवणे सरळ फायद्याचे.

प्रश्न : कर्ज मंजूर करताना बँकेने दीड लाख रुपयांचा एकरकमी विमा घ्यायला सांगितले आहे; ती रक्कम ‘कर्जातच धरू, तुम्हाला काही भरावे लागणार नाही’ असे म्हणतात. घ्यावा का?
— एक वाचक, चिंचवड

उत्तर : भरावे लागणार नाही, हे खरे नाही. ८.५ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी दीड लाख कर्जात मिळवले की हप्ता सुमारे १,३०२ रुपयांनी वाढतो आणि अखेरीस ३ लाख १२ हजार भरले जातात. कमावत्या माणसाने कर्जाएवढे विमा संरक्षण ठेवावे, याबद्दल दुमत नाही. पण साधी मुदत विमा (टर्म इन्शुरन्स) पॉलिसी स्वतंत्रपणे, वार्षिक हप्त्याने घ्यावी. कर्ज दुसऱ्या बँकेत गेले तरी ती आपल्याबरोबर राहते. बँकेने सुचवलेल्या कंपनीचाच विमा घेण्याची सक्ती करता येत नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ (रिटेल, म्हणजे वैयक्तिक ग्राहकाला दिलेल्या) कर्जासोबत मुख्य तथ्य विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. सर्व शुल्क मिळवून येणारा वार्षिक दर त्यात असतो. जाहिरातीतला दर आणि हा दर शेजारी ठेवून पाहावेत. फरक मोठा दिसला, तर विमा किंवा प्रक्रिया शुल्क तिथेच बसलेले आढळते.

प्रश्न : माझे कर्ज गेल्या महिन्यात संपले. मूळ करारनामा परत मागायला गेलो, तर ‘कागदपत्रे मुंबईहून यायची आहेत’ असे सांगतात. किती दिवस थांबावे?
— एक वाचक, सदाशिव पेठ

उत्तर : कर्ज पूर्ण फिटल्यापासून तीस दिवस. १ डिसेंबर २०२३ पासून लागू असलेल्या रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार, बँकेच्या कारणाने त्याहून उशीर झाला तर प्रत्येक दिवसामागे ५ हजार रुपये भरपाई द्यावी लागते. शाखेला तारीख घालून पत्र द्या आणि पोचेचा शिक्का घ्या. कागदपत्रे हाती आल्यावर कर्ज घेताना मिळालेल्या यादीशी ती एकेक करून जुळवा. करारनाम्याबरोबर नोंदणीची मूळ पावती आणि इंडेक्स-दोन (नोंदणी झालेल्या दस्ताचा सरकारी उतारा) आहेत ना, ते शाखेतच पाहा, आणि गहाणाची नोटीस रद्द करून घेण्याचे काम त्याच आठवड्यात उरका.