जपानी दिग्दर्शक कुरोसावांच्या सर्वाधिक चित्रपटांत कोणता अभिनेता आहे, मिफुने की शिमुरा?
ताकाशी शिमुरा. अकिरा कुरोसावांच्या ३० पैकी २१ चित्रपटांत ते आहेत. तोशिरो मिफुने १६. १९४३ ते १९८० पर्यंतच्या श्रेयनामावल्या मोजल्या की हाच आकडा येतो. मात्र १९५५ नंतरची शिमुरांची बरीचशी कामं छोटी आहेत. ‘कागेमुशा’ बघणार असाल तर १८० मिनिटांची जपानी आवृत्तीच घ्या, परदेशी आवृत्तीत त्यांचं काम कापलंय. आवाका बघायचा तर ‘इकिरू’ (१९५२) मधला पोटाच्या कॅन्सरने खचलेला, पुटपुटत बोलणारा सरकारी अधिकारी बघा आणि लगेच ‘सेव्हन सामुराई’ (१९५४) मधला काम्बेई: विचारात पडला की मुंडण केलेल्या डोक्यावरून हात फिरवणारा. एकच माणूस आहे यावर विश्वास बसत नाही! त्याच वर्षी ‘गॉडझिला’त ते शास्त्रज्ञ होते.