बंद पडलेला माग चित्रणासाठी पुन्हा चालवावा का?

प्रश्न : तांडापेठेतील आमच्या घरी मोठेबाबांचा हातमाग गेली काही वर्षे बंद आहे. त्यांच्यावर मी छोटा माहितीपट करीत आहे. नातेवाइकांकडून ताणा (मागावर ताणून बसवायचे उभे धागे) आणून त्यांना एक दिवस मागावर बसवले, तर चित्रण जिवंत होईल. परंतु तो माहितीपट खरा राहील का? आपण अशा वेळी काय करता?
– एक वाचक, नागपूर

उत्तर : रॉबर्ट फ्लाहर्टी यांच्या १९२२ सालच्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ या माहितीपटात कॅमेऱ्याला उजेड मिळावा म्हणून बर्फाचे घर अर्धेच बांधले होते, आणि उत्तर ध्रुवाकडील इन्युइट जमातीचे शिकारी तेव्हा बंदुका वापरू लागले असतानाही पडद्यावर त्यांच्या हाती भालेच दिसले. अर्धे घर मला फारसे खटकत नाही, कारण ती उजेडाची अडचण होती. बंदूक दडवली की मात्र प्रेक्षक त्या माणसाचा काळच चुकीचा समजतो. आपल्यापुढचा धोका हाच आहे. माग चालताना दिसला तर व्यवसाय अजून सुरू आहे असे वाटेल, आणि मोठेबाबांच्या आयुष्यात जे घडून गेले, तेच चित्रातून गळून पडेल.

काटोलकडील एका संत्रा बागायतदाराचे चित्रण करताना मी स्वतः चुकलो आहे. आंबिया बहाराची, म्हणजे हिवाळ्याच्या अखेरीस येणाऱ्या फुलोऱ्याची, फळे गळाली होती. उजेड कमी पडला म्हणून मी त्यांना झाडांखालून पुन्हा चालायला लावले. चालता चालता त्यांनी विचारले, ‘‘आता थांबू का?’’ ते वाक्य मी संकलनात कापले. आज वाटते, त्या दिवशी आमच्यात जे चालले होते ते सांगणारे तेवढे एकच वाक्य माझ्याकडे होते.

म्हणून आधी मोठेबाबांनाच विचारा. त्यांना बसावेसे वाटत असेल, तर कॅमेरा ताणा घरात येण्यापूर्वीच सुरू करा : धागे जोडायला लागणारा वेळ, धोटा (आडवा धागा नेणारे मागाचे साधन) फेकताना अडखळणारा हात, आणि ‘‘एकदा विणून दाखवता का?’’ हा आपला प्रश्न आपल्याच आवाजात, हे सारे ठेवा. ते नको म्हणाले, तर आग्रह करू नका. बंद माग आहे तसा, दिवसाच्या वेगवेगळ्या उजेडात चित्रित करा आणि त्या खोलीतील शांतता किमान एक मिनिट वेगळी ध्वनिमुद्रित करून घ्या. माग असलेल्या खोलीची शांतता दुसऱ्या खोलीतून आणता येत नाही, आणि संकलनाच्या टेबलावर तिची गरज हमखास पडते.

कच्चे संकलन झाले की ते सर्वांत आधी मोठेबाबांना दाखवा, तेही ध्वनिमिश्रणापूर्वी, म्हणजे त्यांनी एखादे दृश्य काढायला सांगितले तर ते काढणे आपल्याला शक्य असेल.