दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेतला नौदल तळाचा संघ कॉलेज फुटबॉलमध्ये देशात दुसरा कसा आला?

हा संघ म्हणजे आयोवा प्री-फ्लाइट सीहॉक्स, हंगाम 1943 चा. (फुटबॉल म्हणजे इथे अमेरिकन फुटबॉल.) आयोवा सिटीत नौदलाच्या वैमानिकांचं उड्डाणपूर्व प्रशिक्षण चाले. संघात कॅडेट होते, शिवाय तळावर कॅडेटना शिकवायला नेमलेले जुने कॉलेज आणि व्यावसायिक खेळाडूही. उलट कॉलेजांचे संघ लष्करभरतीने रिकामे झाले होते. भूदल आपल्या खास प्रशिक्षणार्थींना कॉलेजच्या संघातून खेळू देत नसे, नौदलाच्या व्ही-12 योजनेत (कॉलेजात शिकवून अधिकारी घडवण्याची योजना) मात्र मुभा होती. म्हणून ही योजना असलेलं नोत्र दाम विद्यापीठ भक्कम राहिलं.

खरी अडचण सरावाची. अभ्यासक्रम काही महिन्यांचाच, त्यामुळे कॅडेट पुढच्या तळावर गेला की जागा रिकामी. अशा संघाला मोजक्या चालींची पद्धत सोयीची, आणि संघाचे मुख्य प्रशिक्षक डॉन फॉरो यांची स्प्लिट-टी ही आक्रमणाची रचना तशीच होती. पुढच्या फळीतल्या खेळाडूंमधलं अंतर वाढवायचं आणि क्वार्टरबॅकने (आक्रमण चालवणारा खेळाडू) त्या फळीला समांतर धावत, समोरचा बचावपटू पाहून चेंडू ठेवायचा की बाजूला फेकायचा ते ठरवायचं.

9 विजय, 1 पराभव. तो 20 नोव्हेंबरला नोत्र दामकडून, 14-13 असा. टचडाउन (6 गुणांचे) दोघांचे दोन-दोन. टचडाउननंतर मिळणारी एका गुणाची जादा किक सीहॉक्सची एकदा हुकली. आठवड्यानंतर ग्रेट लेक्स नौदल तळाने नोत्र दामला 19-14 हरवलं, तरी देशाच्या क्रमवारीत अव्वल क्रमांक नोत्र दामकडेच राहिला आणि सीहॉक्स दुसरे आले.

माझ्या मते या हंगामाचं मोठं फळ म्हणजे फॉरोंचे सहायक: बड विल्किन्सन आणि जिम टेटम. दोघांनी हीच पद्धत ओक्लाहोमा विद्यापीठात नेली आणि पुढे तिथे विल्किन्सन यांच्या संघाने सलग 47 सामने जिंकले.