विचारा की! : रेशनच्या भातावर वजन उतरतं का?

प्रश्न : ताई, नमस्कार. माझं वय ४१, उंची ५ फूट १ इंच, वजन ७४ किलो. तीन महिन्यांच्या सरासरीची साखर तपासली, ती ६.१ आली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, गोळी नको, आधी वजन उतरवा. एका ठिकाणी पैसे भरून डाएटचा तक्ता करून आणला. त्यात ओट्स, ऑलिव्ह तेल, ब्रोकोली, बदाम, ग्रीक दही असलं काय काय आहे. हिशेब घातला तर माझ्या एकटीचं खाणं घरातल्या पाच जणांच्या बाजाराएवढं होतंय. आमचे मालक पॉवरलूमवर आहेत, मी घरी ब्लाऊज शिवते. किराणा, भाजी, दूध मिळून महिन्याला साडेसहा हजारांवर जाऊन चालत नाही. त्यातच कर्नाटक सरकारच्या गृहलक्ष्मी योजनेचे दोन हजार धरलेत. तांदूळ अन्नभाग्य योजनेचा, रेशनवर फुकट मिळणारा. सासूबाई म्हणतात, "रेशनचा भात खाऊन कोण बारीक झालंय गं?" खरंच होतं का कुणी?
— एक वाचक, वडगाव, बेळगाव

उत्तर : होतं. तो तक्ता शिलाई मशीनच्या खणात टाका, बाहीचा कागद कापायला कामी येईल. त्यातला एकही जिन्नस वाईट नाही. पण तो तक्ता ज्यांनी लिहिला त्यांनी तुमच्या स्वयंपाकघरात डोकावून बघितलेलं नाही. मी बघितलंय म्हटलं तरी चालेल, कारण मी बेळगावातल्याच शहापुरात मागवाल्याच्या, म्हणजे विणकराच्या घरात वाढले. सकाळी भाकरी, दुपारी भात, रात्री पुन्हा भात, आणि आमटीवर बोटभर तवंग नसला तर "पाहुण्यांना वाढायसारखी नाही झाली" असं म्हणणारी आजी.

आधी माझी फजिती सांगते, म्हणजे तुम्हाला हुरूप येईल. पस्तिशीत मी पण पावडरचा डबा आणला होता, पाण्यात कालवून दोन वेळा प्यायचा. ओळखीतल्याच बाईनं विकला. नोकरीतला निम्मा पगार गेला आणि दोन महिन्यांत चार किलो उतरले. डबा संपला, पुढचा घ्यायला पैसे नव्हते. दिवाळीपर्यंत सहा किलो परत आले. म्हणून आता मी कुणालाही एकच विचारते : हे तुम्ही पुढची दहा वर्षं खाऊ शकाल का? नसेल जमणार, तर उद्या सकाळीही सुरू करू नका.

आता तुमच्या घरात चरबी कुठून येते ते बघू. भात हा आरोपी नंबर दोन. नंबर एक तेलाचा डबा. तुम्ही तेलाचं लिहिलं नाहीत, पण पाच माणसांच्या घरात महिन्याला पाच लिटर सहज जातं, आमच्याकडे जायचंच. म्हणजे माणशी एक लिटर, दिवसाला ३३ मिली. तेल कुठलंही घ्या, शेंगाचं, सूर्यफुलाचं की तुमच्या तक्त्यातलं ऑलिव्ह, एका ग्रॅमला ९ कॅलरी ठरलेल्या. म्हणजे ताटात काय वाढलंय हे बघायच्या आधीच दिवसाला २७० कॅलरी तेलातून गेल्या. पिठाला आणि डाळीला हाच आकडा ग्रॅमला ४ च्या आसपास असतो.

तेव्हा पहिलं काम पैसे वाचवणारंच आहे. महिन्याच्या एक तारखेला तीन लिटर तेल बाजूला काढा. एक लिटरची रिकामी बाटली घ्या, तिला नेलपॉलिशनं दहा सारख्या खुणा करा. रोज एक खूण उतरायची, त्याखाली नाही. फोडणी, तळण, चटणीवरचं तेल, सगळं त्यातच. रविवारी भजी करायची तर शनिवारची निम्मी खूण राखून ठेवा. पहिला आठवडा घरात कुरकूर होईल. डब्यातून थेट कढईत ओतायची सवय मोडायला वेळ लागतो. डब्याची धार कधी मोजूनमापून पडत नाही, चमच्याचं तसं नसतं. फोडणीत तेल कमी झालं की लसूण करपतो, म्हणून गॅस बारीक ठेवा आणि चमचाभर पाण्याचा हबका मारा. भाजी तळाला लागत नाही.

दोन लिटर वाचले म्हणजे आजच्या भावानं तीनशेच्या घरात रुपये. त्यातले एक पैशाचंही "डाएट"चं काही आणायचं नाही. शनिवारच्या बाजारात जाऊन दोन किलो हुलगे, म्हणजे कुळीथ घ्या, उरलेल्यात डझनभर अंडी बसतात. खेड्यावरून येणाऱ्या कानडी बायकांना हुलगे म्हटलं की क्षणभर कळत नाही, "हुरळी" म्हणा, लगेच माप उचलतात. हुलगे आपल्याकडे बैलांना घालायचे म्हणून लोक नाक मुरडतात. बैल दिवसभर नांगर ओढायचा, हे मात्र कुणी लक्षात घेत नाही. शंभर ग्रॅम कोरड्या हुलग्यांत प्रथिनं २० ग्रॅमच्या वर. तेवढ्याच तांदळात सात-आठ.

सार असं करा. रात्री दोन वाट्या हुलगे भिजत घाला. सकाळी पाणी टाकून पंच्यात बांधून ठेवा, दुसऱ्या दिवशी बारीक मोड येतात. कुकरला चार-पाच शिट्ट्या करून शिजवा आणि पाणी निथळून वेगळं ठेवा. त्या तांबूस पाण्यात मूठभर शिजलेले हुलगे वाटून लावा, चिंच किंवा आमसूल, गुळाचा खडा नको, जिरं, आठ-दहा लसणाच्या पाकळ्या ठेचून, सुकी मिरची आणि एका लहान चमच्याची फोडणी. हे झालं सार. निथळलेल्या हुलग्यांची कांदा घालून कोरडी उसळ. एकदा शिजवलं की दोन पदार्थ, गॅसही वाचला. पोटात वारा धरतो अशी तक्रार असेल तर सुरुवातीला अर्धी वाटीच खा, सवयीनं कमी होतं. हुलग्यांचा कंटाळा आला की मटकी, मूग, पावटा.

आता भात. रेशनचा तांदूळ टाकून द्या असं मी मेले तरी म्हणणार नाही. फक्त ताटातली त्याची जागा बदलायची. आपल्याकडे आधी भाताचा डोंगर रचतात आणि त्यात आमटीला विहीर खणतात. तुम्ही आधी उसळ वाढून घ्या, भरपूर. मग पचडी : मुळा, कांद्याची पात, कोवळी मेथी, जे त्या दिवशी स्वस्त असेल ते, चिरून नुसतं मीठ टाकून. मग उरलेल्या जागेत एक वाटी भात, वाटी सपाट भरून, वर शीग न लावता. दुसऱ्यांदा घ्यायचं तर उसळ घ्या. रात्री भाताऐवजी एक भाकरी. ज्वारी विकत आणावी लागते आणि रेशनचा तांदूळ फुकट, हे मला माहीत आहे, म्हणून दोन्ही वेळा भाकरी सांगत नाही. भाकरीचं पीठ एकदा दुकानातल्या काट्यावर तोलून बघा. आपल्याकडची दांडगी भाकरी शंभर ग्रॅम पिठाचीही निघते. साठ ग्रॅमची थापा.

रेशनच्या तांदळाबद्दल आणखी एक. धुताना काही दाणे तरंगतात, जरा पिवळट दिसतात, आणि गल्लीत बातमी असते की प्लास्टिकचा तांदूळ आला. ते प्लास्टिक नाही. लोह, फॉलिक आम्ल आणि बी-१२ घालून केलेले दाणे आहेत ते, शंभर किलोत साधारण एक किलो मिसळलेले. निवडून टाकू नका, पाणी ओततानाही वाहून जाऊ देऊ नका. भात जास्त पाण्यात शिजवून पेज ओतायची सवय असेल तर तीही सोडा.

चहा. शिलाईवाल्या बायकांना मशीनवर बसून किती कप होतात ते मी मोजलेलं आहे. चार कप, प्रत्येकी दोन चमचे साखर, म्हणजे दिवसाला ४० ग्रॅम. महिन्याची १ किलो २०० ग्रॅम साखर तुम्ही एकट्यानं प्यालात. चहा सोडू नका, सोडलेला चहा आठवड्यात परत येतो आणि सोबत खारी, बटर घेऊन येतो. एक चमचा करा. पंधरा दिवसांनी दुसऱ्याच्या घरचा चहा पाक लागेल. गिऱ्हाईक ब्लाऊज न्यायला येताना कुंद्याचा, आपल्या बेळगावी मिठाईचा पुडा आणतं, त्यातला एक घास खाऊन बाकीचा लगेच पोरांच्या हाती द्या.

चालण्याचं बोलायला मला जरा अवघड जातंय. २०२३ च्या जूनपासून कर्नाटकात आपल्या बायकांना सरकारी बस फुकट झाली, मला आनंदच झाला, मी पण फुकट तिकीट घेऊन फिरते. पण पूर्वी दहा रुपये वाचवायला आपण खडेबाजारापर्यंत चालत जायचो. आता दोन स्टॉपसाठीही बसच्या दारात झुंबड. जाताना चालत जा, येताना पिशव्या घेऊन बसनं या. सरकारचंही काही बिघडणार नाही.

किती उतरेल? महिन्याला दीड-दोन किलो, एखाद्या महिन्यात काहीच नाही. ५५ किलोचं स्वप्न बघू नका. तुमची साखर ५.७ ते ६.४ च्या पट्ट्यात आहे, म्हणजे मधुमेहाच्या उंबऱ्यावर. वजनाच्या पाच ते सात टक्के कमी झालं तरी हा धोका चांगला खाली येतो. तुमच्या बाबतीत म्हणजे ७४ वरून ६९-७०. वजनकाटा विकत आणू नका, शिलाईची टेप आहेच तुमच्या गळ्यात. बेंबीच्या पातळीवर दर पंधरा दिवसांनी मोजा आणि वहीत गिऱ्हाइकांच्या मापांखाली स्वतःचं लिहा. आपल्याकडच्या बायकांना कंबर ८० सेंटिमीटरच्या आत असावी असं मानतात. डॉक्टरीणबाईंना एकदा थायरॉइडचंही विचारून घ्या. आणि हे सगळं मोठ्यांसाठी आहे : पोरांचा भात, दूध, अंडं मोजू नका, सासूबाईंच्या वाटीतलंही नको. घरातलं तेल कमी झाल्यानं मात्र त्यांचं काही बिघडत नाही.

उपास कमी करा हेही सांगणार होते. पण साबुदाणा, शेंगदाणे, बटाटा, तूप हे चौघं उपासाच्या दिवशी एकत्र आले की काय होतं ते तुम्हाला ठाऊक आहे.

प्रश्न : मी निपाणीकडचा, वय २९, वजन ८८. बेळगावला उद्यमबागेत फौंड्रीत कामाला आहे, अनगोळात खोली करून राहतो. जेवण मेसच्या डब्याचं. रात्रीचं जेवण बंद केलं तर पैसे आणि वजन दोन्ही वाचेल का?

उत्तर : दादा, भट्टीसमोर आठ तास उभं राहून रात्री उपाशी झोपणार? तीन दिवस झोपाल. चौथ्या दिवशी संध्याकाळी सहाला गाड्यावर दोन वडापाव आणि वर मिसळीची तर्री मागाल, आणि तेवढ्यात डब्याचे पैसे गेलेले असतील. डबा चालूच ठेवा. मेसवाल्या मावशींना एवढंच सांगा की भाजीवरची तर्री काढून द्या, भात निम्मा द्या, आमटी दुप्पट द्या. मावशी खूश होतील, त्यांचं तेल वाचतं. संध्याकाळी सुटल्यावर खिशात फुटाण्यांची पुडी असू दे. पन्नास ग्रॅम फुटाण्यांत प्रथिनं दहाएक ग्रॅम, कॅलरी एका वडापावापेक्षा बऱ्याच कमी. खोलीवर शेगडी असेल तर दोन उकडलेली अंडी.

उन्हाळ्यात तुम्ही लोक कामाची पाळी सुटली की थंड बाटली तोंडाला लावता. अडीचशे मिलीच्या गोड बाटलीत पाच चमच्यांवर साखर असते. घाम गेल्यावर पाणी आणि मिठाचं ताक प्या. वजनाचं राहू दे, पण ताक तरी पिताय का ते मला दोन महिन्यांनी कळवा.

प्रश्न : सकाळी उपाशीपोटी गरम पाण्यात मध आणि लिंबू घेतल्यानं चरबी वितळते असं आमच्या वहिनी म्हणतात. वर्षभर घेतेय. काही वितळलेलं दिसत नाही. — खानापूर

उत्तर : मधाची बाटली वितळली असेल. मोठा चमचा मध म्हणजे साठेक कॅलरी, साखरेला भावंडच. गरम पाणी प्या, लिंबू पिळा, मध वहिनींना द्या.